दुसऱ्याच्या आंदणावर चहा

टीव्हीवर दुपारी जुना हिंदी सिनेमा लागतो. त्यात एखादा फाटका नायक उसना कोट घालून मुलीच्या बापासमोर उभा राहिला, की मी उठून स्वयंपाकघरात जाते. माझी भाचेसून पोट धरून हसत असते. "मावशी, बसा ना, आता तर गंमत येते," म्हणते. येते ना. गंमत कशी येते आणि कोणाच्या घरी येते, ते मला चांगलं ठाऊक आहे. मेल्यांनी शेवटच्या रिळात बापाला हसायला लावलं की झालं. तिकिटाचे पैसे वसूल, पोरगी खुशीत, खोटेपणा माफ. मला त्या शेवटच्या रिळाची चीड आहे, आणि आता ह्या वयात ती जाईल असं वाटत नाही.

सत्तरचं दशक सरत आलं होतं तेव्हाची गोष्ट. मी नागपुरात एका शाळेत शिकवत होते. आमचं घर सक्करदऱ्याला, तलावाच्या मागच्या गल्लीत. बाबा कापडगिरणीत कामाला होते आणि निवृत्तीला आले होते. मोठी बहीण लग्न होऊन गेलेली, घरात आम्ही तिघंच.

शाळेसाठी भिंतीवरचे नकाशे मागवले होते आणि ते पार्सल काही येईना. मोठ्या बाईंनी माझ्या हातात ट्रान्सपोर्टची बिल्टी, म्हणजे माल सोडवायची पावती, ठेवली आणि म्हणाल्या, "वाडीला जाऊन उभी राहा, समोर माणूस दिसल्याशिवाय ते लोक हलत नाहीत." वाडी म्हणजे तेव्हा अमरावती रोडवर ट्रकांची रांग, तिच्यामागे गोदामांची रांग आणि त्याच्याही मागे भाड्याच्या खोल्यांची रांग. तिथल्या एका गोदामात तो बुकिंग क्लार्क होता. बिल्टी पाहिली, हमालाला हाक न मारता स्वतःच मिरचीच्या पोत्यांवर चढला आणि पोत्यांच्या मागून नकाशांचं गुंडाळं ओढून काढलं. शिंकत शिंकत खाली उतरला आणि म्हणाला, "घ्या मॅडम. अख्खा भारत तिखट झाला."

मी हसले. तिथंच फसले, असं आई नंतर म्हणायची. आमच्या घरी हसवणारं कोणी नव्हतं. बाबा मितभाषी, आई सदा करवादलेली, शाळेत मोठ्या बाईंचा दरारा. हा माणूस मात्र कशातूनही हसू काढायचा. माझा त्याच्यावर जीव जडला त्याचं एवढंच कारण होतं. आजही मी त्याला कमी कारण म्हणणार नाही.

शनिवारी शाळा सकाळची असायची. मग घरी मिटिंगची थाप मारून मी बर्डीच्या बाजारात जायची. तिथं टॉकीजमध्ये आम्ही मॅटिनी पाहायचो, नंतर समोरच्या हॉटेलात चहा. त्यानं माझ्यापासून काही लपवलं नव्हतं. थोरला भाऊ गावी शेती करतो, आईवडील नाहीत, पगार अमुक, सगळं सांगून झालं होतं. "माझ्या खोलीत एक खाट आहे, एक स्टोव्ह आहे अन् एक बादली आहे," तो म्हणाला होता. "बादलीले भोक आहे." जात एकच निघाली, तेवढं एक लचांड देवानं वाचवलं. मला वाटायचं, आता अडायला उरलंय काय?

त्या दिवसांत एक सिनेमा आला. नायक बेकार, नायिकेचा बाप गडगंज. बाप मुलाचं घर पाहायला येणार म्हणून नायक एका दिवसासाठी कोणाचा तरी बंगला ताब्यात घेतो. नेमका त्याच वेळी बंगल्याचा खरा मालक परत येतो, तर हा त्याच्याच हातात चहाचा ट्रे देऊन त्याला नोकर करून टाकतो. टॉकीज दणाणून गेलं. शेजारी तो मांडीवर थापा मारून हसत होता, डोळ्यांतून पाणी. शेवटी सगळं उघडं पडतं, आणि बाप रागावायच्या ऐवजी हसत सुटतो आणि जावयाला मिठी मारतो.

चहा पिताना मी विचारलं, "बापाले कळल्यावर तो हसला काहून? फसवलं ना त्याले."

"नाही हसला तर सिनेमा संपन कसा?" तो म्हणाला.

तेव्हा मलाही ते उत्तर झकास वाटलं होतं.

मी घरी सांगितलं. आईनं कपाळावर हात मारला. "शिकवलं, नोकरीले लावलं, अन् हे पांग फेडले पोरीनं." मग ती भिंतीकडे तोंड करून बसली. बाबांनी मात्र जेवण पुरं केलं, हात धुतले आणि माझ्यासमोर येऊन बसले.

"दारू पेते का?"

"नाही बाबा."

"पगार?"

मी सांगितला. आई भिंतीकडे तोंड ठेवूनच म्हणाली, "एवढ्यात काय होते?"

"होते," बाबा म्हणाले. "आपलं झालं ना." मग मला म्हणाले, "घर पाहून येऊ एक दिवस. तू बी चाल. जिले राहायचं आहे तिनंच पाहू नाही, हा कुठचा न्याय?"

मुलीकडच्यांनी मुलाचं घर पाहायला जायचं, ही आमच्याकडची रीतच. पण त्यात मुलगी कधी नसते. आई त्यावरूनही बोलली. बाबांनी ऐकून घेतलं आणि तरी मला नेलं. त्यांची मी आजन्म ऋणी आहे, आणि कधी कधी वाटतं, नसतं नेलं तर बरं झालं असतं.

इथं बाबांचं एक सांगायला हवं. थोरल्या बहिणीच्या लग्नाच्या वेळी गिरणी बंद होती. आंदण म्हणून तिच्यासोबत चार भांडी आणि एक सतरंजी गेली. सासरी तिच्या सासूनं ती सतरंजी आल्यागेल्याला उलगडून दाखवली. "पाहा, पोरीच्या बापानं घर भरून देल्लं," असं म्हणून. बहीण माहेरी आली की हे सांगून रडायची, आणि बाबा उठून बाहेर जायचे. माझ्या वेळी त्यांनी तसं होऊ द्यायचं नाही असं ठरवलं होतं, पण आम्हाला कधी बोलले नाहीत. पाणी भरायचा पितळेचा गुंड, कोपर, डबे असं एकेक भांडं घेऊन माळ्यावर ठेवत होते, तेवढं दिसायचं. तलावाजवळच्या सुताराकडे त्यांनी सागाचा पलंग करायला टाकलाय आणि जाता-येता तिथं उभं राहून त्याचे पाय घासलेले पाहतात, हे मला नंतर कळलं.

रविवारी आम्ही निघालो. बर्डीला बस बदलली, वाडीला उतरलो. उन्हाळा तोंडावर होता, लग्नसराई सुरू झालेली. गोदामांच्या मागच्या बोळात तो इस्त्रीच्या शर्टात उभा होता. बोळाच्या टोकाला भिंतीशी एक खाट उभी करून ठेवलेली होती, आणि तिच्या पायाला बादली अडकवलेली. मी ती पाहिली आणि मला कळेना, की ही बाहेर काहून?

आत गेलो. दहा बाय बाराची खोली असेल. तिच्यात कोरा करकरीत सोफा, दोन खुर्च्या, आरशाचं लोखंडी कपाट, काचेचं टेबल आणि भिंतीला टेकवून एक मोठा पलंग, सुटा करून. पाय ठेवायला जागा नव्हती. सोफ्याच्या खालच्या पट्टीत तणसाच्या काड्या अडकलेल्या होत्या, सामान बांधताना घालतात तशा. कपाट भिंतीपासून थोडं पुढं होतं, आणि त्याच्या पाठीवर काळ्या रंगानं लिहिलेली अक्षरं अर्धी दिसत होती. ट्रान्सपोर्टच्या मालावर गावाचं नाव लिहितात तशी.

मी त्याच्याकडे पाहिलं. त्यानं मला डोळा मारला.

माझ्या अंगाची लाही झाली. बर्डीवरचं ते टॉकीज, तो बंगला, त्या मांडीवरच्या थापा, सगळं एकदम आठवलं. ह्या शहाण्यानं गोदामातला कोणाचा तरी बांधलेला माल सोडून आपल्या खोलीत मांडला होता. माझ्या बापासाठी. ज्या बापानं पगार ऐकून "होते" म्हटलं होतं, त्याच्यासाठी.

बाबा सोफ्याच्या कडेवर बसले. पाठ टेकवली नाही. सगळीकडे नजर फिरवली. मग कुडत्याच्या खिशातून त्यांनी एक सुतळी काढली, गाठी मारलेली. मला आधी कळलंच नाही ती काय आहे ते. त्यांनी ती मांडीवर सरळ केली, भिंतीकडे पाहिलं, कपाटाकडे पाहिलं, आणि पुन्हा गुंडाळून खिशात ठेवली. पलंगाचं माप होतं ते. पलंग कुठं बसेल ते पाहायला आले होते.

"हे सगळं तुमचंच?" त्यांनी विचारलं.

"हो जी. हळूहळू जमवलं."

"पगारातून?"

"पगारातूनच," तो म्हणाला, अगदी सहज, नाटकात पाठ केलेलं वाक्य म्हणतात तसं.

मी तोंड उघडलं नाही. शेजारच्या खोल्यांमध्ये हमाल राहत होते, दारातून डोकावत होते. तिथं बोलले असते तर सोमवारी त्याची नोकरी गेली असती. त्यानं काचेच्या टेबलावर चहा ठेवला. बाबांनी कप उचलला, खाली ठेवताना कपाखाली आपला रुमाल घातला. चहा छान झाला म्हणाले. त्यानं मोठ्या खुशीत माझ्याकडे पाहिलं.

परतीच्या बसमध्ये बाबा खिडकीबाहेर पाहत होते. घरी येऊन त्यांनी टोपी खुंटीला लावली. आईनं विचारलं, "कसं आहे घर?" तर म्हणाले, "लय मोठं आहे. सोफा, कपाट, पलंग. आपल्याले नाही जमत."

"मोठं आहे तर चांगलंच झालं ना," आई म्हणाली. खोलीतलं सामान ऐकून ती एका क्षणात त्याच्या बाजूची झाली होती.

"काय चांगलं? आपण काय देतो, त्याच्यापाशी सारं आहे. माहा पलंग तो कुठं ठेवन, रस्त्यावर?" बाबा इतकं एका दमात कधी बोलत नसत. "ज्या घरात आपली एक वस्तू मावत नाही, त्या घरात आपली पोरगी कशी मावन? मोठीच्या सासूनं सतरंजी दाखवली. हा पलंग दाखवन."

मला राहवलं नाही. "बाबा, ते सामान त्यायचं नाही," मी म्हटलं. "गोदामातलं आहे. त्यायची खोली रिकामी आहे. बाहेर उभी होती ती खाट, तेवढीच त्यायची." मी सिनेमाही सांगितला, थोडक्यात.

बाबांचा चेहरा आधी मोकळा झाला. मी पाहिला, शपथेवर सांगते. रिकामी खोली ऐकून त्यांना बरं वाटलं. त्यांचा हात खिशाकडेही गेला. मग तो तिथंच थांबला.

"कोणाचं होतं वं ते?"

"काय माहीत. ज्याचं असन त्याचं. अमरावतीकडे जायचा माल असन."

"नवं कपाट. नवा पलंग. सोफा." ते एकेक शब्द सुटा करून बोलत होते. "लग्नसराईत असं सारं संगं कोण पाठवते? आंदण होतं ते, माय. कोण्या बापानं पोरीसाठी पाठवलं असन. पोरगी अजून बसली नसन त्याच्यावर. अन् मी बसलो. चहा पेलो त्याच्यावर बसून."

आमच्याकडे आंदणाची वस्तू मुलीच्या आधी कोणी वापरत नाही. माळ्यावरच्या त्या गुंडात आईनं कधी घोटभर पाणीही भरलं नव्हतं. हे त्याला माहीत नसेल असं मी म्हणणार नाही. त्याच्याही गावात हीच रीत. पण गोदामात जन्म काढणाऱ्याला समोरचा माल कोणाचा तरी असतो हे दिसेनासं होतं. त्याच्यासाठी तो नग असतो, नुसता इकडून उचलून तिकडे ठेवायचा.

दोन दिवस बाबा जेवले न जेवल्यासारखे. मी त्यांच्या मागे लागले. रडले, भांडले, नको ते बोलले. शेवटी ते म्हणाले, "येऊ दे त्याले. माह्यासमोर बसून खरं सांगू दे, का खोली रिकामी आहे अन् सामान दुसऱ्याचं होतं. एवढं सांगू दे. बाकी मी पाहतो."

एवढंच हवं होतं. एक वाक्य. मी वाडीला गेले, गोदामाच्या दाराशी त्याला गाठलं आणि सांगितलं, रविवारी घरी या आणि खरं काय ते बाबांना तुमच्या तोंडानं सांगा. त्यांना सगळं कळलंय हे मात्र मी बोलले नाही. बाबांनीच तशी अट घातली होती. "तो सांगते का ते मले पाहायचं आहे," म्हणाले होते.

"येतो ना," तो म्हणाला. "तू काहून घाबरून राहिली? तुह्या बाबाले एका मिनिटात पटवतो."

रविवारी बाबा सकाळीच दाढी करून, धुतलेलं धोतर नेसून दारासमोरच्या ओट्यावर बसले. आईनं नको नको म्हणत पोहे भिजवले. मी आतबाहेर करत होते. आणि गल्लीच्या तोंडाशी हॉर्न वाजला.

पांढरी मोटार होती. आमच्या गल्लीत मोटार म्हणजे एखाद्याला दवाखान्यात न्यायचं असेल तेव्हा. दारं उघडली, बाया बाहेर आल्या. तो ओट्यासमोर उतरला, डोळ्यांवर काळा चष्मा, हातात मिठाईचा मोठा डबा. मी ती मोटार ओळखली. ट्रान्सपोर्टच्या शेटची होती, गोदामासमोर उभी असायची.

तो बाबांच्या पाया पडला. बाबांनी त्याला बाजूला बसवलं आणि अगदी हळू विचारलं, "गाडी कोणाची गा?"

मी दारात उभी होते. मनात म्हणत होते, शेटची म्हण. एक शब्द आहे, म्हणून टाक. बाबा त्याच्याकडे वाकून बसले होते, शाळेत अडखळणाऱ्या पोराला आपण उत्तर यावं म्हणून वाकून पाहतो तसे. त्यांना त्याला पास करायचं होतं.

"आपलीच समजा," तो हसत म्हणाला.

बाबा उठले. मला म्हणाले, "पाणी दे त्यायले," आणि आत गेले. आतल्या खोलीचं दार त्यांनी लोटून घेतलं.

मी पाणी नेलं. त्यानं ते पिऊन टाकलं आणि हळूच विचारलं, "काय झालं? गाडी पाहून गडबडले का?"

"तुम्ही खरं सांगणार होते ना?"

"काय सांगू? रिकामी खोली आहे अन् भोकाची बादली आहे? रिकामी खोली पाहून कोणता बाप पोरगी देते?"

"माझा देत होता," मी म्हटलं.

आणि मग मी त्याला सगळं सांगितलं. सुतळी, पलंग, माळ्यावरची भांडी. बाबा रिकाम्या खोलीचंच माप घ्यायला आले होते हे. आणि त्यांना सगळं माहीत असून ते फक्त त्याच्या तोंडून ऐकायला सकाळपासून ओट्यावर बसले होते हेही. तो ऐकत होता. त्यानं चष्मा काढला. त्याचं तोंड उतरलं, आणि क्षणभर मला वाटलं, आता ह्याला लाज वाटेल, आता हा उठून जाईल, मग मी ह्याच्या मागे जाईन. खरंच गेले असते. इतका जीव होता माझा.

पण त्याचा चेहरा पुन्हा उजळला. "असं आहे का?" तो म्हणाला. "मग पहिलेच सांगायचं ना वं. थांब, आत्ता जाऊन खरं सांगतो. असा रडतो त्यायच्यापुढं, का तू पाहातच राह्य." आणि त्यानं मला डोळा मारला.

मी त्याच्या हातातला रिकामा पेला घेतला.

"नका सांगू," मी म्हटलं. "गाडी नेऊन द्या. शेट वाट पाहून राहिला असन."

त्याला आधी ती थट्टा वाटली. मी हसत नाही हे पाहून त्याला कळलं. मिठाईचा डबा तो ओट्यावर ठेवून निघाला होता, मी तो मोटारीच्या सीटवर नेऊन ठेवला. आमच्या बोळात मोटार वळत नाही. त्याला ती मागे मागे घेत गल्लीच्या तोंडापर्यंत न्यावी लागली, आणि अख्खी गल्ली ते पाहत उभी होती. मी दार लावलं, मोरीत गेले आणि नळ सोडून रडले.

त्यानंतर माझ्यासाठी घर पाहायला बाबा कुठं गेले नाहीत. मीच जाऊ दिलं नाही.